पोरांना थांबवणारा माणूस कोरा कसा असेल?

दर डिसेंबरला कुणीतरी फ्रेड हॅम्प्टनचा (१९६९ मध्ये शिकागोत मारला गेलेला, ब्लॅक पँथर या काळ्यांच्या हक्कांसाठीच्या लढाऊ संघटनेचा पुढारी) फोटो टाकतं आणि दर डिसेंबरला आमच्या ग्रुपवर तीच जुंपते. ग्रुप म्हणजे कॉलेजचे जुने मित्र, अर्धे पुण्या-ठाण्यात, अर्धे आम्ही इकडे अमेरिकेत, सगळे चाळिशी ओलांडलेले. यावेळी फोटोखाली एकाने लिहिलं, "हिंसा थांबवायला निघालेल्या पोराला पोलिसांनी झोपेत मारलं." पाच मिनिटांत दुसरा आला, "अरे तो ब्लॅक पँथर होता, बंदुका घेऊन फिरायचे ते लोक, हिंसा कसली थांबवतायत!" मग पहिल्याने हॅम्प्टनला थेट गांधीजींच्या शेजारी नेऊन बसवलं, दुसऱ्याने गल्लीतल्या गुंडांच्या शेजारी, आणि तिसऱ्याने नेहमीचा प्रश्न टाकला, "शिकागोत रोज आपापसात मरतात तेव्हा हे मोर्चेवाले कुठे असतात?" रात्रभर मेसेज चालू होते. पण हा एकवीस वर्षांचा मुलगा दिवसभर नेमकं काय करत होता, हे कुणीच विचारलं नाही.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. हॅम्प्टन संत नव्हता, आणि त्याला संत ठरवायच्या नादात त्याच्या बाजूचे लोक हातातला सगळ्यात मजबूत मुद्दा घालवतात. जिथे रोज गोळ्या चालतात तिथे त्या थांबवणारा माणूस बाहेरच्यांना पटेल इतका स्वच्छ कधीच नसतो. असूच शकत नाही, कारण तो तसा असता तर त्या पोरांनी त्याचं ऐकलंच नसतं. आणि अशा माणसाला सरकार मारतं तेव्हा एका माणसाचा जीव जातो तो जातोच, पण त्या वस्तीकडे हिंसा थांबवायचं जे काही साधन असतं तेही मोडतं. म्हणून "पोलिसांची हिंसा की वस्तीतली हिंसा, आधी कुठली ते बोला" हा वादच मला चुकीचा वाटतो.

आता हा मुलगा कोण ते बघा. जन्म १९४८ चा, शिकागोच्या पश्चिमेला मेवुड नावाचं उपनगर आहे तिथे वाढलेला. शाळकरी वयातच एनएएसीपी या काळ्यांच्या हक्कांसाठीच्या जुन्या संघटनेच्या तरुणांच्या शाखेचा पुढारी झाला आणि शाखा पाचशे पोरांपर्यंत नेली. पहिली मोठी मागणी काय, तर गावात पोहायचा तलाव पाहिजे, कारण आसपासच्या उपनगरांतल्या पूलमध्ये काळ्या मुलांना घेत नसत. १९६८ च्या शेवटाला तो पँथर्समध्ये गेला आणि पुढच्या वर्षभरात जे केलं ते बघून मी अजून चक्रावतो. शाळेत जाणाऱ्या पोरांना सकाळी फुकट नाश्ता, मोफत दवाखान्याची तयारी, आणि या सगळ्याबरोबर शिकागोच्या रस्त्यावरच्या टोळ्यांना एकमेकांवर गोळ्या झाडू नका म्हणून बसवून बोलणं. प्वेर्तो रिकन पोरांची यंग लॉर्ड्स, जी आधी चक्क गँगच होती, तिला सोबत घेतलं. अप्पलाचियाच्या डोंगराळ भागातून पोटासाठी शिकागोत आलेल्या गरीब गोऱ्यांची यंग पेट्रियट्स, जे जॅकेटवर कॉन्फेडरेट झेंडा लावून फिरायचे, त्यांनाही घेतलं (त्यांच्याकडे पायपीट करून पहिली ओळख काढली ती बॉब ली या पँथरने, त्याचं नाव कुणी घेत नाही). गुलामगिरी टिकवायला लढलेल्यांचा झेंडा लावलेला गोरा पोरगा आणि काळा पँथर एका टेबलावर बसून घरमालकाच्या जाचाबद्दल बोलतायत असं चित्र डोळ्यांसमोर आणा. याला त्यांनी नाव दिलं रेनबो कोएलिशन. मे १९६९ मध्ये हॅम्प्टनने पत्रकारांना बोलावून टोळ्यांमध्ये एकमेकांवर हल्ला न करण्याचा समझोता झाल्याचं जाहीर केलं.

त्यानंतर सात महिन्यांनी, ४ डिसेंबर १९६९ ला पहाटे पावणेपाचला, २३३७ वेस्ट मन्रो स्ट्रीटच्या फ्लॅटवर कुक काउंटीचा सरकारी वकील एडवर्ड हॅनरहन याच्या ऑफिसचे चौदा पोलीस आले. हातात बेकायदा शस्त्रं शोधायचं वॉरंट. दारामागे पहाऱ्याला बसलेला मार्क क्लार्क, वय २२, जागेवर गेला. हॅम्प्टन आतल्या खोलीत झोपलेला, शेजारी होणारी बायको, दिवस अगदी भरत आलेले. वाचलेल्यांच्या साक्षीप्रमाणे पहिल्या गोळीबारानंतरही तो जिवंत होता, मग अगदी जवळून डोक्यात दोन गोळ्या घातल्या. हॅनरहन म्हणाला पँथर्सनी जोरदार गोळीबार केला आणि पोलिसांनी उत्तर दिलं. पुढे फेडरल ग्रँड ज्युरीने मोजणी केली तेव्हा पोलिसांच्या गोळ्या निघाल्या ८२ ते ९९ च्या मध्ये, आणि पँथर्सची एक. ती एकही बहुतेक मार्क क्लार्क कोसळताना त्याच्या हातातल्या शॉटगनमधून सुटलेली.

आता समोरच्यांचं जे खरं आहे ते सरळ मान्य करू, कारण ते बरंच आहे. त्या फ्लॅटमध्ये बंदुका होत्या, पँथर्स त्या लपवतही नव्हते. त्यांच्या भाषणांत पोलिसांना "डुक्कर" म्हणायचे आणि मारायची भाषा असायची, हॅम्प्टनच्या तोंडीही असायची. जेमतेम तीन आठवडे आधी, १३ नोव्हेंबरला, शिकागोत एका पँथरशी झालेल्या चकमकीत दोन पोलीस मेले होते, तेही तरुण होते, त्यांनाही घरं होती. त्यानंतर पँथर्सच्या दारावर जाणारा शिपाई घाबरलेला असणार हे मला कळतं. हॅम्प्टनवर गुन्हाही शाबीत झाला होता, आइस्क्रीमच्या गाडीतून ७१ डॉलरचं आइस्क्रीम लुटून पोरांना वाटल्याचा, तो शेवटपर्यंत म्हणाला मी केलं नाही, पण कोर्टाने शिक्षा दिली होती. हे सगळं सांगायचं टाळून जो हॅम्प्टनचा फोटो टाकतो तो त्याच्यावर उपकार करत नाही.

पण हे मान्य केल्यावर काय सिद्ध होतं? की तो धोकादायक भाषा बोलायचा. बरं. मग टोळीतल्या पोराला "बंदूक खाली ठेव" हे कोण सांगू शकतं? चर्चमधला पाद्री सांगू शकतो, शाळेतली बाई सांगू शकते, आणि पोरगा मान डोलावून पुन्हा नाक्यावर जातो. ज्याच्या अंगावर त्याच रस्त्याचे वळ आहेत, ज्याला पोलिसांनी आत टाकलंय, जो पोलिसांना घाबरत नाही हे पोराने डोळ्यांनी बघितलंय, त्याचं ऐकतो तो. आपल्याकडे वस्तीत वाढलेल्या कुणालाही विचारा, दोन गल्ल्यांची भांडणं मिटवायला रात्री कोणाला उठवतात? ज्याचा दोन्हीकडे शब्द चालतो त्याला. त्याचं चौकीवरचं रेकॉर्ड कुणी विचारत नाही. शिकागोने हीच गोष्ट तीस वर्षांनी कागदावर मान्य केली. २००० साली वेस्ट गारफिल्ड पार्क या वस्तीत सीझफायर नावाचा उपक्रम सुरू झाला, गॅरी स्लटकिन या साथरोगतज्ज्ञ डॉक्टरने काढलेला, आणि त्यात पुढे पगार देऊन कोणाला नेमलं? तुरुंगातून सुटून आलेल्या, पूर्वी टोळीत असलेल्या लोकांना. काम एकच, कुणाचा भाऊ मारला गेला की बदल्याची गोळी सुटायच्या आत तिथे पोचायचं आणि रात्रभर त्या घरात बसून राहायचं. त्यातले काही जण पुन्हा गुन्ह्यात अडकले, उपक्रमाचे निकालही सगळीकडे सारखे आलेले नाहीत, हे खरंय. पण हेच मॉडेल पुढे जगभरच्या शहरांनी उचललं, कारण या कामाला दुसरा माणूस मिळतच नाही.

आणि आता ते पत्र. माझ्या मते सगळा वाद या एका कागदावर निकालात निघतो आणि ग्रुपवर कुणाला तो माहीतच नव्हता. जानेवारी १९६९ मध्ये, म्हणजे हॅम्प्टन टोळ्यांशी बोलत होता नेमकं तेव्हा, एफबीआयच्या शिकागो ऑफिसने जेफ फोर्टला एक निनावी पत्र पाठवायची परवानगी मागितली आणि वरून ती मिळाली. फोर्ट म्हणजे ब्लॅकस्टोन रेंजर्स या शहरातल्या सगळ्यात ताकदवान टोळीचा म्होरक्या. पत्राचा सूर असा की मी तुझा एक अनोळखी काळा भाऊ, पँथर्सनी तुला उडवायचं ठरवलंय, सावध राहा. हेतू एफबीआयच्या स्वतःच्या कागदांत लिहिलेला आहे, दोन्ही संघटनांतलं वैर वाढावं आणि फोर्टने पँथर्सच्या पुढाऱ्यांवर सूड उगवावा. रेंजर्सना गोळीबार अंगवळणी पडलेला आहे हे त्यात नमूद करून! गुप्तचर यंत्रणांची चौकशी करणाऱ्या सिनेटच्या चर्च कमिटीने (चर्च हे तिच्या अध्यक्षांचं आडनाव) १९७६ मध्ये हे सगळं छापलं. जरा थांबून विचार करा. एक मुलगा वस्तीत फिरून पोरांना म्हणतोय मारू नका, आणि देशाची सगळ्यात मोठी तपास यंत्रणा त्याच पोरांना पत्र लिहून म्हणतेय तो तुला मारणार आहे. यात हिंसेच्या बाजूला कोण होतं? मग त्याच यंत्रणेने पँथर्समध्ये घुसवलेल्या आणि तिथे हॅम्प्टनच्या सुरक्षेची जबाबदारी मिळवलेल्या विल्यम ओ'नील या खबऱ्याकडून फ्लॅटचा नकाशा काढून घेतला, पलंग कुठे आहे हे दाखवणारा, तो हॅनरहनच्या माणसांकडे गेला, आणि छाप्यानंतर ओ'नीलला ३०० डॉलर बोनस दिला.

तुम्ही म्हणाल पोलिसांना खबरे लागतातच. लागतात, मान्य. खबऱ्यांशिवाय कुठल्याच शहरात तपास होत नाही. पण खबऱ्या गुन्हा थांबवायला ठेवतात. इथे समझोता करणाऱ्याच्या उशाची जागा कळावी म्हणून ठेवला होता.

खोटं कसं रचलं जातं तेही यात जवळून बघायला मिळतं. हॅनरहनने शिकागो ट्रिब्यूनला फोटो दिले, दारावर काळे ठिपके, त्यांना गोल करून दाखवलं की या बघा पँथर्सच्या गोळ्यांच्या खुणा. इतर पेपरांच्या बातमीदारांनी जाऊन ते दार बघितलं तर ती खिळ्यांची डोकी. साधे खिळे. हे बघता आलं ते का, तर पोलीस फ्लॅट सील करायला विसरले आणि पँथर्सनी तो लोकांसाठी उघडा ठेवला. डिसेंबरच्या थंडीत हजारो माणसं रांग लावून त्या खोल्यांतून फिरली, रक्ताने भिजलेली गादी बघितली, भिंतीतली भोकं बोटांनी चाचपली. सरकारी आवृत्ती कोर्टात पडायच्या खूप आधी त्या रांगेत पडली. कोर्टात वेळ लागला आणि पुरता न्याय तर झालाच नाही. जानेवारी १९७० च्या चौकशीत मृत्यू "समर्थनीय" ठरले, हॅनरहनवर न्यायाला अडथळा आणल्याचा खटला झाला आणि तो सुटला, मतदारांनी मात्र १९७२ मध्ये त्याला घरी बसवलं. शेवटी १९८२ मध्ये शहर, काउंटी आणि केंद्र सरकारने मिळून १८ लाख ५० हजार डॉलर देऊन नागरी दावा मिटवला. तुरुंगात एकही दिवस कुणी गेलं नाही.

मराठी माणसाला यातलं काहीच परकं वाटू नये खरं तर. १९७२ मध्ये मुंबईत नामदेव ढसाळ, राजा ढाले, ज. वि. पवार यांनी दलित पँथर काढली तेव्हा नाव याच पँथर्सकडून घेतलं. आणि खिळ्यांच्या डोक्यांची गोष्ट वाचताना मला घाटकोपरचं रमाबाई नगर आठवतं. ११ जुलै १९९७, बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झालेली, लोक रस्त्यावर उतरलेले, आणि एसआरपीच्या गोळीबारात दहा जणांचा जीव गेला. तेव्हा काय सांगितलं? जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता म्हणून गोळी चालवावी लागली. गुंडेवार आयोगाने ते कारण फेटाळलं, गोळीबार असमर्थनीय ठरवला, २००९ मध्ये सेशन्स कोर्टाने हुकूम देणाऱ्या मनोहर कदमला जन्मठेपही सुनावली, आणि तो पुढे जामिनावर बाहेर आला. तरी आजही आपल्या ग्रुपांवर एन्काऊंटरची बातमी आली की पेढ्यांचे इमोजी पडतात. २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाने एन्काऊंटरच्या चौकशीचे जे सोळा नियम घालून दिले तो खटलाच महाराष्ट्र सरकारविरुद्धचा होता, मुंबईतल्या एन्काऊंटरवरचा. हे आपल्या घरातलं आहे.

आता तिसऱ्या मित्राचा प्रश्न, "आपापसात मरतात तेव्हा कुठे असतात?" याला मी हलक्यात घेणार नाही. आकडा भयंकर आहे. २०१६ या एका वर्षात शिकागोत साडेसातशेहून जास्त खून झाले. पोलिसांच्या गोळीने मरणारे त्याच्या तुलनेत अगदी थोडे. ज्या आईचा मुलगा नाक्यावर गेला तिला पोलिसांवरच्या मोर्चात रस नसेल, तिला रात्री गस्त हवी असेल, आणि तिचं चूक नाही. पण मोर्चेवाले कुठे असतात याचं उत्तर सोपं आहे, ते तिथेच असतात. मारल्या गेलेल्या पोरांच्या मेणबत्त्यांच्या सभा तेच घेतात, शाळा सुटायच्या वेळी कोपऱ्यावर तेच उभे राहतात, आपल्यापर्यंत ती बातमी येत नाही एवढंच. पोलीस मारतात तेव्हा ते वेगळं ओरडतात कारण टोळीला ते कर देत नाहीत, टोळीने त्यांचं रक्षण करायची शपथ घेतलेली नाही, आणि टोळीच्या गोळीला सरकारी वकील "समर्थनीय" म्हणत नाही.

शिवाय पोलिसांना फोन करायची हिंमत हीच तर खून कमी करायची पहिली पायरी आहे ना? ती कशी मरते ते बघायचं तर हॅम्प्टनचा फ्लॅट होता त्याच शिकागोच्या पश्चिम भागात, वेस्ट साइडवर या, २६ डिसेंबर २०१५, पुन्हा पहाटे साडेचारच्या आसपास. एका बापाने मुलगा बॅट घेऊन बिथरलाय म्हणून पोलिसांच्या ९११ या नंबरला फोन केला आणि खालच्या मजल्यावरच्या भाडेकरू बाईंना सांगितलं, पोलीस आले की जरा दार उघडा. वय ५५, पाच मुलांची आई. त्यांनी शेजारधर्म पाळला. दार उघडलं आणि पोलिसाने गोळ्या झाडल्या, तो १९ वर्षांचा मुलगाही मेला आणि त्याही मेल्या. पोलीस म्हणाले अपघाताने लागली. फौजदारी खटला नाही. २०१८ मध्ये शहराने त्यांच्या घरच्यांना एक कोटी साठ लाख डॉलर दिले, २०१९ मध्ये तो पोलीस नोकरीवरून गेला. ही वस्ती कुठली? वेस्ट गारफिल्ड पार्क, जिथे पंधरा वर्षं आधी सीझफायर सुरू झालं तीच. त्या गल्लीत नंतर रात्री भांडण ऐकू आलं तर फोन उचलताना हात थांबणार नाही का? आणि फोन केला नाही की दुसऱ्या दिवशी मोजणीत एक खून वाढला, तोही "आपापसातला".

मी हे म्हणणार नाही की हॅम्प्टन जगला असता तर शिकागो शांत झालं असतं. १९७४ मध्ये त्या शहरात ९७० खून झाले, त्याला कारखाने बंद पडणं, ड्रग्ज, बंदुकांचा पूर, दहा कारणं आहेत, एका पहाटेवर सगळं ढकलणं खोटं होईल. समझोते मोडतातही, हाही कदाचित मोडला असता. पण तो मोडायला सरकारी पैसा आणि सरकारी शाई वापरली गेली, हे तरी नाकारता येणार नाही. आणि उलटंही करता येतं, हे आपल्याच एका पोलीस अधिकाऱ्याने दाखवलंय. १९८४ च्या दंगलीने होरपळलेल्या भिवंडीत सुरेश खोपडे डीसीपी म्हणून गेले आणि गल्लोगल्ली मोहल्ला कमिट्या बांधल्या, हिंदू-मुसलमान साधी माणसं आणि हवालदार एका सतरंजीवर. डिसेंबर ९२ आणि जानेवारी ९३ मध्ये मुंबई जळत होती तेव्हा शेजारची भिवंडी शांत राहिली. तिथे पोलिसांनी वस्तीतल्या माणसांना शांततेचं साधन मानलं. मन्रो स्ट्रीटवर तेच साधन झोपेत असताना गाठलं.

२००६ मध्ये शिकागोच्या नगरपालिकेत मन्रो स्ट्रीटच्या त्या तुकड्याला हॅम्प्टनचं नाव द्यायचा प्रस्ताव आला तेव्हाही नेमका आमच्या ग्रुपसारखाच वाद झाला. पोलिसांची युनियन म्हणाली हा पोलिसांना मारा म्हणणारा माणूस, समर्थक म्हणाले पोरांना नाश्ता देणारा माणूस, आणि पाटी लागली नाही. दोन्ही वाक्यं त्याच माणसाबद्दल खरी आहेत हे कुणाला एका दमात म्हणवलं नाही.

मेवुडमध्ये मात्र तलाव झाला. आज त्याला हॅम्प्टनचं नाव आहे आणि बाहेर त्याचा अर्धपुतळा. मागच्या जुलैत एका दुपारी मुलीला घेऊन मी मुद्दाम गेलो होतो. उन्हाने सिमेंट तापलेलं, पोरं अनवाणी उड्या मारत कडेपर्यंत जात होती, लाइफगार्डची शिट्टी सारखी वाजत होती, क्लोरीनचा वास. मुलीने पुतळ्याखालची वर्षं वाचली, बोटांवर वजाबाकी केली आणि विचारलं, "बाबा, एकवीस? म्हणजे आपल्या आदित्यदादाएवढा?" मी हो म्हणालो. मग ती विचारत राहिली आणि मी परतीच्या वाटेवर गाडीत तिला ते पत्र सांगितलं, फोर्टला पाठवलेलं. ती बराच वेळ गप्प बसली आणि म्हणाली, "पण पोलिसांना तर भांडण थांबायला हवं असतं ना?"